पाय कुठं टाकू?



कामगारांच्या सभांत घसा बसलेल्या माणसाने व्हायोलिनवर काय बोलावे, असे आपल्याला वाटले असेल. आम्ही शाळा अर्ध्यावर सोडली. व्हायोलिन शिकलो तेही ऐकून ऐकून. तेव्हा पांडित्याची अपेक्षा नसावी. आमची एक चूक तेवढी सांगतो.

बल्गेरियात राचेनित्सा नावाचे लोकनृत्य आहे. त्याचा ताल सात मात्रांचा : दोन, दोन, तीन. आपल्या रूपकाच्याही मात्रा सातच, पण तीन, दोन, दोन. आम्ही स्वरलिपी पुढे ठेवली, सातही मात्रा मोजल्या आणि प्रत्येक सूर गोड कंपवीत वाजवला. युनियनच्या लेझीम पथकातला एक गडी म्हणाला, "दादा, ऐकायला झकास, पण पाय कुठं टाकू?"

खरेच होते ते. मात्रा सात असल्या तरी पावले तीनच : दोन आखूड, एक लांब. त्या लांब पावलावर गजाने दणका देऊ नये. गज मोकळा सोडावा, म्हणजे नाचणाऱ्याला उडीची सवड मिळते.

दुसरे असे, की व्हायोलिनने तिथल्या वाद्यांचे ऐकावे. गडुल्का उभी धरून गजाने वाजवतात. सारंगीप्रमाणेच तिच्या तारा पट्टीवर दाबत नाहीत, बोटांनी नुसत्या अडवतात. आणि तिलाही तरफा असतात. गायदा हे कातडी पिशवीचे वाद्य. त्याचा एक सूर अखंड घुमत असतो. म्हणून आपणही शेजारची मोकळी तार घुमू द्यावी. पिशवीतली हवा थांबत नाही. एकच सूर दोनदा वाजवायचा तर मध्ये दुसऱ्या सुराचा चिमटा घ्यावाच लागतो. तिथल्या पुष्कळशा मुरक्या अशा गरजेतून आल्या आहेत. त्या झटकन घ्याव्यात, लाडाने लांबवू नयेत. मेजाभोवती बसून गायची संथ गाणी मात्र तालाविना असतात. तिथे गजाने गाणाऱ्याचा श्वास सांभाळावा.

हंगेरीच्या बेला बार्टोकने १९४० साली प्रसिद्ध झालेल्या 'मिक्रोकॉसमॉस' या पियानोसंग्रहाच्या शेवटी सहा नृत्ये बल्गेरियन तालांत रचली. एवढा मोठा संगीतकार, पण ती आखूड-लांब पावले त्याने सपाट केली नाहीत.

समानतेसाठी आम्ही आयुष्यभर भांडलो. पण सर्वांची पावले एका मापाने कापणे याला आम्ही समानता म्हणत नाही. दुसऱ्याचे गाणे मागून घ्यावे, तर त्याची चालही त्याच्याच मापाने घ्यावी.

आता थोडे वाजवतो. आपले पाय हलले नाहीत, तर दोष आमचा समजावा.