चरित्रनट आणि शिक्षक : गजानन जागीरदार

(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात दिलेले व्याख्यान)



 मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला, सारी हयात प्राथमिक शाळेत घालविलेला मास्तर आहे. तेव्हा विद्वत्तेची अपेक्षा आपण माझ्याकडून करणार नाही, असा भरवसा धरून बोलतो.

आपल्या शिक्षण-साहाय्य निधीकडे यंदा आपल्याच एका कुटुंबातील मुलीचा अर्ज आला आहे. तिला नाट्यशिक्षण घ्यावयाचे आहे. अर्जाचा निर्णय व्हावयाचा आहे, आणि त्यावरून घरोघर चर्चा चालू आहे, हे आपण जाणताच. चर्चेत दोन आक्षेप वारंवार ऐकू येतात. पहिला असा की, अभिनय ही उपजत देणगी आहे, ती शाळेत शिकून येत नाही. दुसरा असा की, शेकड्यांतून एखादाच नायक होतो, मग बाकीच्यांचे काय? या दोन्ही आक्षेपांना मी स्वतःचे उत्तर देत नाही. एका माणसाचे आयुष्य आपणांपुढे ठेवतो. त्यांचे नाव गजानन जागीरदार. ते कोणत्या ज्ञातीचे, हे मी पाहिलेले नाही. गुण घ्यावयाचा तर ज्ञात विचारू नये, असे मला वाटते.

जागीरदारांचा जन्म १९०७ साली अमरावतीस झाला. चित्रपटांत त्यांनी पदार्पण केले ते बोलपट नुकताच बोलू लागला होता त्या काळात. भालजी पेंढारकरांच्या हाताखाली उमेदवारी करून ते वर आले. पुढे त्यांनी दिग्दर्शनही केले. आचार्य अत्रे यांच्या १९४१ सालच्या 'पायाची दासी' या चित्रपटाचे दिग्दर्शक तेच होते. परंतु प्रेक्षकांच्या मनात ते राहिले ते चरित्रनट म्हणून. चरित्रनट म्हणजे जो नायक नाही, खलनायकही नाही. जो कथेतील बाप, न्यायाधीश, शेजारी किंवा गावकरी असतो, आणि ज्याच्यावाचून नायकाची कथा उभी राहत नाही, असा नट.

याच १९४१ साली प्रभात कंपनीचा 'शेजारी' पडद्यावर आला. व्ही. शांताराम यांचे दिग्दर्शन, विश्राम बेडेकर यांची कथा. धरणाच्या पायी दोन जिवलग शेजाऱ्यांमध्ये, एक हिंदू आणि एक मुसलमान, कसे वितुष्ट येते याची ती हकीकत आहे. मराठीत जिवबाची भूमिका केशवराव दाते यांनी केली आणि मिर्झाची जागीरदारांनी. हिंदी आवृत्तीचे नाव 'पडोसी'. तीतही मिर्झा जागीरदारच होते, आणि हिंदू ठाकूर झाले होते मजहर खान. हिंदू नटाने मुसलमान व्हावे आणि मुसलमान नटाने हिंदू व्हावे, ही योजना त्या काळी किती अर्थपूर्ण होती, हे आपणांस सांगावयास नको.

आता पाहा, वृद्ध मिर्झा रंगविला तेव्हा जागीरदारांचे वय होते अवघे ३४. ते वार्धक्य नुसत्या दाढीने आले नाही. म्हातारा माणूस उठताना आधी हात कोठे टेकतो, बोलताना दम कोठे घेतो, रागावल्यावरही जुन्या मित्राकडे कसा पाहतो, हे पाहून, घोकून, अंगी मुरवून घ्यावे लागते. पाढे जसे पाठ करावे लागतात तसेच हे आहे. उपजत देणगी असेलही. पण मशागत केल्यावाचून बी उगवत नाही, हे शेतकऱ्याला जितके ठाऊक तितकेच मास्तरालाही ठाऊक असते.

पुढे १९४४ साली प्रभातचा 'रामशास्त्री' आला. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील खुनाबद्दल खुद्द राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगणाऱ्या रामशास्त्री प्रभुणे यांची भूमिका जागीरदारांची होती आणि दिग्दर्शनाची धुराही त्यांनी वाहिली. पंचविशी-तिशीत ज्यांनी हातखंडा शिकून घेतला, त्यांना चाळिशीच्या आत इतकी भारदस्त भूमिका पेलता आली.

नंतर काळ पालटला. १९५३ च्या सुमारास प्रभात कंपनी बंद पडली. दरमहा पगार देणाऱ्या कंपन्यांचा जमाना सरला आणि नटाला चित्रपटागणिक काम शोधण्याची पाळी आली. अशा काळात नायकाचे तारुण्य ओसरले की नायकपणही ओसरते. चरित्रनटाला मात्र वय शत्रू वाटत नाही. १९६५ सालचा, विजय आनंद यांनी दिग्दर्शित केलेला 'गाइड' आपणांपैकी अनेकांनी पाहिला असेल. त्यातील भोला नावाचा खेडूत जागीरदारांनी उभा केला. देऊळात निजलेल्या राजूला हा भोळा गावकरी साधू समजतो आणि तेथून कथेचा उत्तरार्ध सुरू होतो. भोलाच्या डोळ्यांतील श्रद्धा खोटी वाटली असती, तर देव आनंद यांचा राजू कोणासही स्वामी वाटला नसता. दुसऱ्याला मोठे दिसू देणे, हेही मोठेपणच आहे.

आता मी त्यांच्या शिक्षकपणाकडे वळतो, कारण मला तोच भाग जवळचा. १९६० साली भारत सरकारने पुण्यात चित्रपट शिक्षणाची संस्था काढली, ती नेमकी प्रभातच्या जुन्या स्टुडिओच्या आवारात. तिच्या पहिल्या प्राचार्यपदी जागीरदारांची नेमणूक झाली. ज्या आवारात ते मिर्झा झाले, रामशास्त्री झाले, त्याच आवारात ते नव्या पिढीचे गुरू म्हणून आले. 'अभिनय कसा करावा' असे पुस्तकही त्यांनी लिहिले. नावातील तो 'कसा' मला फार मोलाचा वाटतो. जे सांगता येते ते शिकविता येते, आणि जे शिकविता येते ते शिक्षण होय. पुढे याच संस्थेत रोशन तनेजा यांनी अभिनयाचे वर्ग चालविले आणि जया भादुरी यांच्यासारखे नामवंत विद्यार्थी तेथून बाहेर पडले.

आणि विसावा? तो त्यांनी घेतलाच नाही. १९८० च्या दशकात, वयाच्या उत्तररात्री, त्यांनी रणजित देसाई यांच्या 'स्वामी' कादंबरीवरील मालिका दूरदर्शनसाठी दिग्दर्शित केली. थोरल्या माधवरावांची ती कथा मी त्या वेळी शेजाऱ्यांच्या दूरदर्शन संचावर पाहत असे. त्यातून रवींद्र मंकणी आणि मृणाल देव ही तरुण माणसे महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचली. १९८८ साली जागीरदार निवर्तले. सुमारे अर्धशतक हा माणूस कामावर होता.

बंधुभगिनींनो, नायक किती झाले हा प्रश्न मला गौण वाटतो. सचोटीने काम करणारा, वयाबरोबर पिकणारा आणि शिकलेले पुढच्यास देणारा कारागीर निर्माण झाला की नाही, हा खरा प्रश्न आहे. वैद्यकी आणि इंजिनियरिंगच्या विद्यार्थ्यांकडून आपण हीच अपेक्षा करतो.

या धंद्यात मिळकतीची शाश्वती नाही, हे मी नाकारीत नाही. म्हणूनच शिक्षण अधिक हवे. न शिकलेल्या नटाला रूप गेले की काही उरत नाही; शिकलेल्याला निदान शिकविता तरी येते. तेव्हा माझी नम्र सूचना अशी की, त्या मुलीस इतर विद्यार्थ्यांच्याच अटींवर साहाय्य द्यावे. दरवर्षी प्रगतिपत्रक मागावे, अभ्यासात कसूर दिसल्यास रक्कम थांबवावी. आणि एक जादा अट घालावी : शिक्षण पुरे झाल्यावर तिने आपल्या संमेलनातील मुलांचे एक नाटक बसवून द्यावे. म्हणजे निधीचे दान निधीकडेच परत येईल.

निर्णय आपल्या सुज्ञपणावर सोपवितो.