चौकशी अहवाल वाचलास का?

माझा मावसभाऊ सरकारी कारकून आहे. परवा फोनवर म्हणाला, "विभागीय चौकशी संपली, आता ऑर्डरची वाट बघतोय." मी विचारलं, चौकशी अहवाल वाचलास का? तर म्हणे, "तो साहेबांकडे असतो ना!"

इथेच माणूस फसतो. संविधानाचं कलम 311(2) सांगतं, आरोप कळवा, बाजू मांडायची वाजवी संधी द्या, मगच बडतर्फ करा. दोषारोपपत्र, साक्षीदार, उलटतपासणी हे बऱ्याच जणांना माहीत असतं. पण चौकशी करणारा अधिकारी वेगळा आणि शिक्षा देणारा वेगळा असला, की दुसरा पहिल्याचा अहवाल वाचून ठरवतो. ज्याची नोकरी जायची त्यानंच तो वाचायचा नाही? 1993 मध्ये करुणाकर खटल्यात सुप्रीम कोर्टाच्या 5 न्यायाधीशांनी सांगितलं, निष्कर्ष काढण्याआधी कर्मचाऱ्याला अहवालाची प्रत द्या, त्याचं म्हणणं विचारात घ्या.

त्याच निकालात एक मेख आहे बरं का. प्रत दिली नाही म्हणून शिक्षा आपोआप रद्द होत नाही. त्यामुळे आपलं काय नुकसान झालं, ते दिसावं लागतं.

भावाला म्हटलं, आजच लेखी अर्ज दे, पोच घे. अहवाल मिळाला की साक्षीदार काय बोलले आणि अधिकाऱ्यानं काय लिहिलं, दोन्ही शेजारी ठेवून वाचू. रविवारी येतोय, फाईल घेऊन.