नव्या नोकरींतील आरोग्यरक्षण

(महोत्सवानिमित्त भरलेल्या तरुण-मेळाव्यांतील भाषण)



या महोत्सवप्रसंगीं आपल्या पूर्वजांच्या कष्टांचें गुणगान पुष्कळ झालें. वाडींत राबणाऱ्या त्या माणसांचें काम बहुधा दिवेलागणीस थांबत असे. त्यांचीं नातवंडें आज मुंबईच्या मोठमोठ्या कंपन्यांत रुजू होतात. आणि त्यांचें काम खिशांतील फोनबरोबर जेवणाच्या ताटापर्यंत येतें.

दोन वर्षांपूर्वीं असाच एक तरुण आमच्याकडे आला. नोकरीस सहा महिने झाले होते. झोप उडाली होती, अन्न गोड लागत नव्हतें. आम्हीं त्याला म्हटलें, "बाळा, नवी नोकरी आहे, सोसावें लागतें." पुढें तीन महिन्यांत त्यानें अंथरूण धरलें. आमचें तें उत्तर चुकीचें होतें, हें आज तुमच्यासमोर कबूल करणें आम्ही आपलें कर्तव्य समजतों.

कारण ही केवळ मनाची दुर्बलता नव्हे. जागतिक आरोग्य संघटना व आंतरराष्ट्रीय श्रम संघटना यांनीं २०२१ सालीं प्रसिद्ध केलेल्या अभ्यासांत असें आढळलें कीं, आठवड्यास ३५ ते ४० तास काम करणारांच्या मानानें, ५५ वा अधिक तास राबणारांस पक्षाघाताचा धोका सुमारें ३५ टक्क्यांनीं अधिक असतो. पोप तेरावे लिओ यांनीं तर १८९१ सालींच आपल्या परिपत्रकांत, जितकी शक्ति झिजते तितक्या प्रमाणांत कामकऱ्यास विश्रांति मिळाली पाहिजे, असें बजावलें होतें. तें खुर्चीवर बसून काम करणारासही लागू आहे.

मग नवख्यानें करावें काय? पहिली गोष्ट, न समजलेलें काम विचारून घ्यावें. आरंभीं प्रश्न विचारणें हें दक्षतेचें लक्षण होय. दुसरी, चार कामें एकदम अंगावर आलीं, तर "यांतील प्रथम कोणतें करूं?" असें वरिष्ठांस नम्रपणें विचारावें, नकाराचा कडूपणा न येतां आपली मर्यादा त्यांस कळते. तिसरी, झोप, जेवण व साप्ताहिक सुट्टी हीं बढतीच्या आशेनें विकूं नयेत. चौथी, झोप उडाली, मन खचलें, तर लाज न धरतां डॉक्टरांस भेटावें. सरकारची टेली-मानस ही विनामूल्य सेवा १४४१६ या क्रमांकावर अहोरात्र मिळते.

आणि आईबापांनो, लेंकरूं रात्रीं घरीं परतलें म्हणजे पगारवाढीची चौकशी मागाहून करा. आधीं तें जेवलें कीं नाहीं, हें विचारा. तो तरुण आतां बरा आहे, दुसरीकडे काम करतो. त्याच्या आईनें हाच प्रश्न वेळीं विचारला होता. आम्हीं विचारला नव्हता.

परमेश्वर आपल्या मुलाबाळांचें रक्षण करो.