देवक म्हणजे आपलं कुलचिन्ह, तेही जिवंत
पोलंडमधल्या सरदार घराण्यांत एकच कुलचिन्ह कितीतरी वेगवेगळ्या आडनावांचं असायचं. उदाहरणार्थ 'लेलिवा': निळ्या ढालीवर सोनेरी चंद्रकोर आणि चांदणी. १४१३ साली होरोद्वोच्या करारात तर पोलिश घराण्यांनी लिथुआनियाच्या ४७ घराण्यांना आपली चिन्हं देऊन टाकली.

ओळखीचं वाटतंय ना? मराठा आणि इतर बऱ्याच समाजांत देवक असतं. पंचपल्लव, कळंब, मोराचं पीस. आडनाव वेगळं पण देवक एक, म्हणजे भाऊबंद. जुन्या रीतीत तिथे सोयरीक होत नाही. पण देवक ढालीवर रंगवून भागत नाही. लग्नात ते बसवायला खरीखुरी पानं लागतात. म्हणूनच आपल्या देवकाच्या झाडाला कुऱ्हाड लावायची नाही, असं जुनी माणसं सांगतात.

आता आमच्या मुळशीत बघा. प्लॉटिंग जोरात आहे. बांधावरचा उंबर, कळंब जेसीबीपुढे किती टिकणार? आणि मांडवात झाडाचा फोटो चालत नाही!

आज घरी फोन लावून विचारा: आपलं देवक कोणतं, आणि ते झाड गावात अजून उभं आहे का? नसेल, तर या पावसाळ्यात एक लावा. भेटू पुढच्या भागात!