दोन वृद्ध गृहस्थ

१६ ऑक्टोबर १९५८ रोजी पोलंडमध्ये दूरचित्रवाणीच्या पडद्यावर दोन गृहस्थ अवतरले. अंगात मागे लांब पुच्छ असलेला काळा कोट, डोक्यावर उंच टोपी, कोटाला खोवलेले फूल. वागणे अतिशय अदबीचे आणि बोलणे जणू गेल्या शतकातले. कार्यक्रमाचे नावही ‘वृद्ध गृहस्थांचा काबारे’ असेच होते. गंमत अशी, की या ‘वृद्धां’पैकी एकाचे वय होते बेचाळीस आणि दुसऱ्याचे पंचेचाळीस! गीते व संवाद लिहिणारे येरेमी प्शिबोरा आणि त्या गीतांना चाली देणारे येझी वासोव्स्की, या दोघांनी ऐन कर्तेपणी म्हातारपणाचे सोंग का बरे घ्यावे?

त्याचे उत्तर भोवतालच्या जगात सापडते. महायुद्धात वॉर्सा नगरी बेचिराख झाली होती. नंतरच्या राजवटीत घोषणांना तोटा नव्हता. तोटा होता तो दुकानांतील साध्यासुध्या वस्तूंचा. पक्षाच्या व्यासपीठावरून ‘कॉम्रेड’ अशी हाक येई. या दोघांच्या ओठी मात्र जुन्या घरंदाज अदबीची भाषा असे. राज्यकर्त्यांवर त्यांनी आसूड ओढले नाहीत, तशी त्यांची आरतीही ओवाळली नाही. घोषणांना जेथे प्रवेशच नाही, असे एक छोटेसे जग त्यांनी उभे केले.

त्या जगातील दुःखेही मजेदार असत. उन्हाळा सरला, आता टोमॅटो मिळावयाचे नाहीत, एवढ्याच कारणावरून व्येस्वाव मिख्निकोव्स्की हा नट ऑपेरातील विरही नायकाच्या गांभीर्याने टोमॅटोंचा निरोप घेतो. प्रेक्षक हसतो; आणि हसता हसता, सरून गेलेल्या कितीतरी गोष्टी त्याच्या मनात दाटून येतात.

दोघेही मूळचे नभोवाणीचे. १९४८ पासून ‘एतेरेक’ या श्राव्य विनोदी मालिकेत त्यांची जोडी जमली होती. केवळ शब्द आणि सूर यांवर श्रोत्याला धरून ठेवण्याची ती तालीम पडद्यावरही कामी आली. १९६६ पर्यंत अशा सोळा संध्याकाळी रंगल्या. आरंभीचे प्रयोग थेट प्रक्षेपित होत. पडदा मावळला, की खेळ हवेत विरे. गाणी मात्र लोकांच्या ओठी राहिली.

वासोव्स्की १९८४ साली निवर्तले, प्शिबोरा २००४ साली. खरोखरीचे वृद्धत्व आले, तेव्हा त्यांना निराळे सोंग घ्यावे लागले नाही. सौजन्य हा सुखवस्तू काळाचा अलंकार आहे, असे आपण मानतो. या दोघांनी हसत हसत दाखवून दिले, की टंचाईच्या दिवसांत तीच माणसाची अखेरची शिल्लक असते.