जठरांतील बिऱ्हाडकरू



आपल्या घराघरांत एक दुखणें असें आहे कीं, त्याला कोणी दुखणें म्हणतच नाहीं. जेवणानंतर छातीखालीं जळजळ, रिकाम्या पोटीं कळ, आंबट ढेकर, चार घास खाल्ले तरी पोट तट्ट फुगणें. एवढें झालें म्हणजे "पित्त झालें आहे" असें म्हणावयाचें, चिमूटभर सोडा पाण्यांत घालून घ्यावयाचा किंवा कोपऱ्यावरच्या दुकानांतून एक गोळी आणून गिळावयाची, आणि कामाला लागावयाचें. असें वर्षानुवर्षें चालतें. या दुखण्याच्या एका कारणाविषयीं आज मला बोलावयाचें आहे. कारण हें एकच आहे असें नव्हे. परंतु तें इतकें सर्वत्र पसरलेलें आणि तरीही इतकें अपरिचित आहे कीं, त्याची ओळख प्रत्येक सुशिक्षित कुटुंबाला असावी. मी वैद्य नव्हे, शाळामास्तर आहें. औषध सांगण्याचा अधिकार मला नाहीं. समजूत स्पष्ट करणें हा मात्र आमचा धंदाच होय.

अम्लपित्त आपल्याला नवें नाहीं. माधवनिदानांत त्यावर स्वतंत्र प्रकरण आहे. पाश्चात्य वैद्यकानेंही विसाव्या शतकाचा बहुतेक काळ जठराच्या दाहाचा व व्रणाचा दोष आम्लावरच ठेविला होता. जठरांतील आम्ल इतकें तीव्र कीं तेथें जंतु टिकूंच शकत नाहीं, असें वैद्यकाच्या विद्यार्थ्यांना शिकवीत. मग आम्ल वाढतें कशानें? उत्तर ठरलेलें असे: एक तिखटानें आणि दुसरें स्वभावानें. आपल्या नागपुरांत तर निकाल लावणें फारच सोपें. भिवापुरची मिरची आणि सावजीचा रस्सा दाराशींच आहेत. आरोपी शोधावयास दूर जावें लागत नाहीं.

आमच्या शाळेंत चित्रकला शिकविणारे एक सहकारी होते. खडूच्या डब्याशेजारीं त्यांची चूर्णाची पुडी सदैव ठेवलेली असे. असें वीस वर्षें चाललें. भेटेल तो सल्ला देई: "मास्तर, रस्सा सोडा", "राग आवरा", "फार मनाला लावून घेऊं नका". त्यांनीं रस्सा सोडला, मिरची सोडली, चहा सोडला, पंगतीला जाणें सोडलें आणि ते दहींभातावर राहूं लागले. दुखणें तेवढें सुटलें नाहीं. उलट, आपल्याच तापट स्वभावानें आपण हें ओढवून घेतलें, अशी खंत मनाला जडली. शेवटीं २००६ सालीं एके सकाळीं शौचाला डांबरासारखें काळें झालें, भोंवळ आली आणि त्यांना रुग्णालयांत न्यावें लागलें. दुर्बिणीनें जठर तपासलें तेव्हां लहान आंतड्याच्या तोंडाशीं व्रण आढळला, आणि जठराच्या त्वचेंत जंतु सांपडले. चौदा दिवस औषधें झालीं. पुढें कांहीं महिन्यांनीं ते एका लग्नाच्या पंगतींत माझ्या शेजारींच बसले होते. तापट ते होते तसेच राहिले; पोट मात्र बरें झालें.

या जंतूचें नांव हेलिकोबॅक्टर पायलोरी. ऑस्ट्रेलियांतील पर्थ शहरीं रॉबिन वॉरन नांवाचे डॉक्टर जठराचे तुकडे सूक्ष्मदर्शकाखालीं तपासावयाचें काम करीत. जेथें दाह तेथें हे वळणदार जंतु, असें त्यांना १९७९ पासून दिसूं लागलें. १९८१ मध्यें बॅरी मार्शल हे तरुण डॉक्टर त्यांना येऊन मिळाले. प्रयोगशाळेंत जंतु वाढविण्याचे प्रयत्न एकामागून एक फसत होते. कारण दोन दिवसांत कांहीं उगवलें नाहीं तर पात्रें फेंकून देण्याची रीत होती. १९८२ च्या ईस्टरची सुटी आली आणि पात्रें पांच दिवस तशींच राहिलीं. सुटीनंतर पाहतात तों जंतु वाढलेले! त्यांना घाई आवडत नव्हती, एवढेंच.

तरीही वैद्यकाच्या जगाला तें पटेना. तेव्हां १९८४ मध्यें मार्शल यांनीं आपलें जठर निरोगी असल्याची खात्री करून घेतली, आणि जंतूंनीं भरलेला पेला स्वतःच पिऊन टाकला. पत्नीला आधीं सांगितलेंही नाहीं. कांहीं दिवसांतच मळमळ व वांत्या सुरू झाल्या, तोंडाला दुर्गंधी येऊं लागली, आणि दहाव्या दिवशीं जठराला दाह झाल्याचें तपासणींत दिसलें. पुढें २००५ सालीं या दोघांना नोबेल पारितोषिक मिळालें. माझ्या सहकाऱ्यांचें दुखणें सुरू झालें तें १९८४ नंतर. म्हणजे कारण जगाला ठाऊक झालें होतें. आमच्या शिक्षकांच्या खोलींत तें पोंचलें नव्हतें, इतकेंच.

आणि तिखटाचें काय? त्याच १९८४ सालीं दिल्लींतील डॉक्टरांनीं एक साधा पण मार्मिक प्रयोग प्रसिद्ध केला. आंतड्याला व्रण असलेले पन्नास रोगी घेतले. निम्म्यांना रोज तीन ग्रॅम लाल तिखट जेवणांतून दिलें, निम्म्यांना दिलें नाहीं. औषध दोघांनाही एकच. चार आठवड्यांनीं पाहिलें तर दोन्ही बाजूंचे व्रण सारख्याच प्रमाणांत भरून आले होते. तिखटानें जळजळ वाढते हें खरें. ज्याला सोसत नाहीं त्यानें तें खाऊं नये हेंही खरें. परंतु झोंबणें वेगळें आणि व्रण पडणें वेगळें.

आम्लाच्या भट्टींत हा प्राणी जगतो कसा, असें आपण विचाराल. त्याच्याजवळ एक युक्ति आहे. जठरांतील युरियापासून तो अमोनिया तयार करतो. अमोनियानें आम्ल मारलें जातें, आणि आपल्याभोंवतीं तेवढें सुरक्षित कवच करून तो श्लेष्माच्या थरांत शिरतो. तेथें बिऱ्हाड थाटलें कीं बहुधा जन्मभर हलत नाहीं. त्याच्या उपस्थितीनें जठराची आंतील त्वचा सतत सुजलेली राहते. जगांतील सुमारें निम्म्या माणसांच्या पोटीं हा बिऱ्हाडकरू आहे, आणि आपल्या देशांत प्रौढांपैकीं निम्म्याहून अधिकांच्या. तो येतो बहुधा लहानपणींच. घरांतील माणसांकडून, एकमेकांच्या उष्ट्यांतून, अस्वच्छ हातांनीं किंवा दूषित पाण्यानें. जेथें पाणी व शौचकूप सुधारले तेथें पुढच्या पिढींत तो ओसरला. जपानांत म्हाताऱ्यांमध्यें तो पुष्कळ, तरुणांमध्यें थोडा. म्हणून नळाचें शुद्ध पाणी ही केवळ सोय नव्हे, तें नातवंडांच्या जठराचें संरक्षण आहे.

परंतु घाबरून जाऊं नये. बहुतेकांना त्याचा जन्मभर त्रास जाणवत नाहीं. शंभरांत दहा ते वीस जणांना केव्हां तरी व्रण होतो, आणि एकदोघांना जठराचा कर्करोग; या कारणानें जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेनें १९९४ मध्यें त्याची गणना कर्करोगजनकांत केली.

आतां व्यवहाराच्या चार गोष्टी. पहिली: तपासणी सोपी आहे. श्वासाची किंवा शौचाची तपासणी करून जंतु आहे कीं नाहीं तें कळतें. गरज असल्यास डॉक्टर दुर्बिणीनें पाहतात. परंतु दुकानांतून आणलेल्या आम्ल दाबणाऱ्या गोळ्या चालू असतील तर जंतु असूनही तपासणी "नाहीं" असें सांगूं शकते. म्हणून आपण काय घेत आहों तें डॉक्टरांना आधीं सांगावें.

दुसरी: औषध अर्ध्यावर सोडूं नये. आम्ल कमी करणारें एक औषध व दोनतीन प्रतिजैविकें, बहुधा चौदा दिवस, असा हा उपचार असतो. पांचव्या दिवशीं बरें वाटलें म्हणून गोळ्या कपाटांत ठेवल्या कीं उरलेले जंतु त्या औषधाला सरावतात. आपल्याकडे जुलाबावर वाटेल तशी घेतलेली कांहीं औषधें या जंतूवर आतां निरुपयोगी होत चाललीं आहेत. उपचारानंतर किमान चार आठवड्यांनीं फेरतपासणी करून जंतु गेल्याची खात्री करावी.

तिसरी: सांधेदुखी-डोकेदुखीच्या गोळ्या हें व्रणाचें दुसरें मोठें कारण आहे. त्या मनानें घेऊं नयेत.

चौथी: शौचास काळें होणें, रक्ताची वांति, कारणाशिवाय वजन घटणें, घास अडकणें, किंवा पन्नाशीनंतर प्रथमच सुरू झालेली पोटाची तक्रार, ही पित्ताची लक्षणें समजून घरीं बसूं नये. छातींत जळजळ होऊन घाम फुटला तर तें पोट नसून हृदयही असूं शकतें. तेव्हां क्षणाचाही विलंब नको.

शेवटीं एक विनंति. आपल्या घरांत सर्वांच्या मागून जेवणारी, उपासावर उपास करणारी आणि "मला काय झालें आहे, थोडें पित्तच आहे" असें म्हणून सोडा घेणारी एक व्यक्ति बहुधा असतेच. तिच्या चेहऱ्यावरचा फिकेपणा आपण थकव्यावर घालतों. लोहाच्या गोळ्या घेऊनही रक्त वाढत नसेल आणि कारण सांपडत नसेल, तर त्यामागेंही हाच जंतु असूं शकतो. तिला आहाराचा आणि मनःशांतीचा उपदेश करण्यापूर्वीं एकदां डॉक्टरांकडे घेऊन जावें. दुखणाऱ्या माणसाच्या स्वभावाला दोष देणें फार सोपें असतें, आणि त्याला खर्चही येत नाहीं. ज्यांनीं वीस वर्षें दहींभात खाल्ला, त्यांना मात्र त्या उपदेशाची किंमत ठाऊक आहे.