यंत्राशीं खेळणारा कलावंत

नवें यंत्र घरांत आलें म्हणजे माणसांचे बहुधा दोन पक्ष पडतात. एक पक्ष त्याची पूजा करतो, दुसरा त्याच्या नांवानें बोटें मोडतो. यंत्राचें झांकण उघडून, 'हें असेंच कां चालतें? निराळ्या रीतीनें चालणार नाहीं काय?' असें विचारणारा तिसरा पक्ष नेहमींच लहान असतो. नाम जून पाइक हा कोरियन कलावंत या तिसऱ्या पक्षाचा अग्रणी होता.

पाइकचा जन्म २० जुलै १९३२ रोजीं सोल शहरीं झाला. कोरिया तेव्हां जपानच्या अंमलाखालीं होता. १९५० सालीं तेथें युद्धाचा वणवा पेटला आणि त्याच्या कुटुंबास देश सोडावा लागला. टोकियो विश्वविद्यालयांत शिक्षण पुरें करून १९५६ मध्यें तो जर्मनीस गेला, तो संगीताच्या ओढीनें. १९५८ सालीं अमेरिकन संगीतकार जॉन केज याची व त्याची गांठ पडली. कानीं येणारा कोणताही आवाज संगीताची सामग्री होऊं शकतो, ही केजची शिकवण. पाइकनें तोच न्याय चित्रवाणीच्या पडद्यास लावला.

मार्च १९६३ मध्यें वुपरटाल गांवीं त्यानें आपलें पहिलें प्रदर्शन मांडलें. त्यांत आंतील जोडणी बदललेले डझनभर चित्रवाणी-संच होते. एका संचाला रेडिओ जोडलेला होता. त्याचा आवाज वाढविला कीं पडद्यावरील प्रकाशाचा ठिपका मोठा होई. दुसऱ्यापुढें ध्वनिग्राहक होता. प्रेक्षक त्यांत बोलला कीं पडद्यावर प्रकाशाच्या आकृती उमटत. एक संच बिघडून त्यावर केवळ एक आडवी रेघ उरली होती. दुसऱ्या कोणीं तो दुरुस्तीस धाडला असता. पाइकनें तो कुशीवर उभा केला आणि त्या उभ्या प्रकाशरेषेलाच चित्र मानलें.

यांत केवळ गंमत नव्हती. चित्रवाणी हें एकमार्गी यंत्र. पाठविणारे मूठभर, पाहणारे कोट्यवधि, आणि पाहणाऱ्यास उत्तर देण्याची सोय नाहीं. पाइकचा आक्षेप नेमका या व्यवस्थेवर होता.

१९६४ सालीं तो न्यूयॉर्कला आला. पुढील वर्षीं त्यानें एका संचाच्या माथ्यावर नालाच्या आकाराचा मोठा लोहचुंबक ठेवला. शाळेंत चुंबक व लोखंडाचा कीस यांचा प्रयोग ज्यानें केला आहे, त्यास यांतील मर्म सहज कळेल. जुन्या चित्रवाणीच्या नळींत विद्युत्कणांचा झोत पडद्यावर आदळून चित्र उमटवीत असे. चुंबक जवळ येतांच तो झोत वांकतो व नेहमींच्या चित्राच्या जागीं प्रकाशाचीं वलयें दिसूं लागतात. चुंबक सरकविणें प्रेक्षकाच्या हातीं होतें.

१९७४ सालीं त्यानें बुद्धाची एक मूर्ति चित्रवाणी-संचापुढें बसविली. संचामागील कॅमेरा मूर्तीचेंच चित्र पडद्यावर दाखवी. बुद्ध अखंड स्वतःकडे पाहत बसलेला! हें ध्यान म्हणावें कीं आत्ममोह? हातांतील फोनवर स्वतःची छबि न्याहाळणाऱ्या आजच्या पिढीस तो प्रश्न अधिकच लागू पडतो.

इंग्रज लेखक जॉर्ज ऑर्वेल यानें १९४९ सालच्या आपल्या कादंबरींत १९८४ हें साल कल्पून, घराघरांतील पडदा माणसांवर पाळत ठेवील, असें भयंकर चित्र रंगविलें होतें. तें साल उजाडलें त्या १ जानेवारीसच पाइकनें कृत्रिम उपग्रहाच्या साह्यानें न्यूयॉर्क व पॅरिस जोडून गायन, नर्तन व काव्य यांचा थेट कार्यक्रम घडविला, आणि त्यास 'सुप्रभात, मिस्टर ऑर्वेल' असें नांव दिलें. दोघांपैकीं खरा कोण? आज खिशांतील यंत्र माणसाचा मुक्काम व आवडनिवड टिपून ठेवतें, आणि तेंच यंत्र परदेशीं गेलेल्या मुलाचें तोंड आईला दाखवितें. दोघेही अर्धे अर्धे खरे ठरले.

सोलजवळील ग्वाचॉन येथील राष्ट्रीय कलासंग्रहालयांत पाइकनें १९८८ सालीं १००३ संचांचा मनोरा उभारला. ३ ऑक्टोबर हा कोरियाचा राष्ट्रस्थापनेचा दिवस. त्यावरून ही संख्या घेतली. पाइक २९ जानेवारी २००६ रोजीं निवर्तला, आणि त्याच्या मागें त्याचीं यंत्रेंही थकलीं. २०१८ सालीं तो मनोरा विझवावा लागला. तसल्या नळ्या मिळणें दुरापास्त झालें होतें. मनोरा मोडावा, कीं सर्वच पडदे नवे बसवावेत? नवे बसविले तर ती कृति पाइकचीच राहील काय? अखेर ७३७ जुने संच दुरुस्त करण्यांत आले, उरलेल्या २६६ ठिकाणीं नवे सपाट पडदे बसविले, आणि २०२२ मध्यें मनोरा पुन्हां उजळला.

पाइकवर एक आक्षेप घेतां येतो. ज्या कारखान्यांच्या मालावर त्यानें टीका केली, त्यांच्याच मालावर त्याची कला उभी होती. आणि हजार पडद्यांचा झगमगाट प्रेक्षकास विचार करण्याऐवजीं दिपवूनही टाकतो. हा आक्षेप खोटा नाहीं. तथापि एक गोष्ट त्यानें निःसंशय सिद्ध केली. कारखानदार यंत्र विकतो, त्याबरोबर तें कसें वापरावें याचा हुकूमही विकतो. यंत्र घ्यावें, हुकूम घेतलाच पाहिजे असें नाहीं.